कांचेच्या पेटींतील मात्स्यन्याय

लहान माशास मोठा मासा गिळतो, ही गोष्ट प्राचीन शास्त्रकारांच्या मनांत इतकी ठसली होती कीं, राज्यांत अराजक माजलें म्हणजे त्या अवस्थेस त्यांनीं ‘मात्स्यन्याय’ असेंच नांव दिलें. दंड धारण करणारा कोणी नसेल तर बलवान् दुर्बळास ग्रासून टाकील, असें कौटिल्य अर्थशास्त्रांत सांगतो. नदींत आणि तळ्यांत हा न्याय अनादि कालापासून चालत आला आहे, आणि त्याबद्दल कोणीं तक्रार करण्याचें कारण नाहीं. तेथें दुर्बळासहि पळावयास वाट असते, दडावयास शेवाळ व दगडांच्या कपारी असतात, आणि पुष्कळ पिलें बळी पडलीं तरी कांहीं वांचून वंश चालतो. परंतु तोच न्याय दिवाणखान्यांतील दोन फूट लांबीच्या कांचेच्या पेटींत सुरू झाला, तर त्याचा दोष निसर्गाच्या माथीं मारतां येत नाहीं. त्या पेटींत कोणीं राहावें हें माशांनीं ठरविलेलें नसतें. तें घरच्या मंडळींनीं ठरविलेलें असतें.

पिंप्राळा हें पूर्वीं जळगांवाशेजारचें निराळें गांव. आतां तें शहरांतच सामावून गेलें आहे. समजा, तेथील एका कुटुंबांत वैशाखाच्या सुटींत मुलांच्या आग्रहावरून अशी एक पेटी आली. दुकानांत माशांची निवड मुलांनींच केली, आणि मुलें निवड करतात ती रंगावरून. दोन सोनेरी गोल्डफिश, चंद्रकोरीसारखे उभट दिसणारे दोन एंजल, निळ्या-तांबड्या रेघेचे दहा इवलेसे निऑन टेट्रा, अंगावर काळे पट्टे असलेले दोन टायगर बार्ब, लांब पंखांचा एक फायटर, आणि ‘हा कांच साफ ठेवतो’ म्हणून एक काळा सकर. पहिल्या संध्याकाळीं शेजारचीं माणसें मुद्दाम पाहावयास आलीं. चवथ्या दिवशीं सकाळीं धाकट्या मुलीनें मोजणी केली आणि विचारलें, “आजी, निऑन दहा होते ना? सातच कसे राहिले?” पेटींत मेलेला मासा एकहि नव्हता. आजीनें उत्तर दिलें नाहीं. तिनें नुसतें एंजलकडे बोट दाखविलें. आठवडा संपतां संपतां फायटरच्या पंखांच्या चिंध्या झाल्या, आणि भर दुपारीं गोल्डफिश पाण्याच्या पृष्ठभागाशीं येऊन तोंडें उघडूं-मिटूं लागले.

या घरांत निर्दय असें कोणी नव्हतें. खाणें वेळेवर पडत होतें, हवेचा पंप चालूं होता. चूक झाली ती पेटी घरीं येण्यापूर्वीं, दुकानाच्या उंबरठ्यावर. मासे एकदां एकत्र सोडल्यावर त्यांस उपदेश करतां येत नाहीं, कीं त्यांच्या भांडणांत मध्यस्थी करतां येत नाहीं. मत्स्यपालकाच्या हातीं दंड आहे तो एकच, आणि तो म्हणजे निवड.

घरांत मासे पाळण्याच्या आधुनिक छंदाचा आरंभच मुळीं सोबत्यांच्या निवडीपासून झाला. लंडनमधील रॉबर्ट वॉरिंग्टन या रसायनशास्त्रज्ञानें १८४९ सालीं पाण्याच्या एका भांड्यांत दोन लहान गोल्डफिश आणि व्हॅलिस्नेरिया नांवाची पाणवनस्पति ठेविली. वनस्पतीनें प्राणवायु पुरविला. परंतु तिचीं जुनीं पानें कुजूं लागलीं व पाणी गढुळलें. तेव्हां त्यानें तळ्यांतील कांहीं गोगलगायी आणून सोडल्या. त्यांनीं कुजकीं पानें खाऊन टाकिलीं आणि पाणी पुन्हां स्वच्छ झालें. हा प्रयोग त्यानें १८५० सालीं तेथील केमिकल सोसायटीपुढें मांडला. पुढें १८५३ सालीं लंडनच्या प्राणिसंग्रहालयांत सार्वजनिक मत्स्यगृह उघडलें, आणि मासे पाळण्याचा छंद घरोघर पोंचला. वॉरिंग्टनच्या त्या भांड्यांत तीनच प्रकारचे जीव होते. पण त्यांपैकीं एकाचें असणें दुसऱ्यास उपकारक होतें. आजहि सोबत्यांची निवड करितांना दुसरी कसोटी नाहीं. ती कसोटी लावण्यासाठीं दुकानांत जाण्यापूर्वीं चार प्रश्नांचीं उत्तरें मनाशीं ठरवावीं लागतात.

पहिला प्रश्न पाण्याचा. मासा पाण्यांत राहतो एवढेंच म्हणणें पुरेसें नाहीं; तो कोणत्या पाण्यांत राहतो हें पाहिलें पाहिजे. खानदेशांतील विहिरींचें व कूपनलिकांचें पाणी बहुधा जड असतें. ज्या पाण्यांत डाळ लवकर शिजत नाहीं, साबणास फेस येत नाहीं, आणि जें तापविलें असतां भांड्याच्या कडेस पांढरा थर धरतें, तें जड पाणी. निऑन टेट्रा हा मूळचा ॲमेझॉन नदीच्या खोऱ्यांतला; तेथील ओढ्यांचें पाणी मऊ व किंचित् आम्ल. उलट मॉली, प्लॅटी, गप्पी हे मध्य अमेरिका व तिच्या आसपासच्या प्रदेशांतले मासे जड, अल्कधर्मी पाण्यांत सुखानें राहतात. ज्या घरीं जड पाणी येतें त्या घरानें पाण्याशीं झगडण्यापेक्षां त्या पाण्यास मानवेल तो मासा आणावा, यांत खर्चहि कमी व प्राणहानीहि कमी.

पाण्याबरोबर उष्णतेचाहि विचार आला. जळगांवास वैशाख-ज्येष्ठांत पारा पुष्कळदां ४५ अंशांच्या वर चढतो, आणि बंद खोलींतील पेटीचें पाणीहि तीस अंश ओलांडतें. पाणी जितकें ऊन तितका त्यांत प्राणवायु कमी विरघळतो. २० अंशांवर एका लिटरांत सुमारें ९ मिलिग्रॅम प्राणवायु मावतो. ३० अंशांवर तो साडेसातांवर येतो आणि ३५ अंशांवर सातांच्याहि खालीं उतरतो. गोल्डफिश हा चीन देशांत शेंकडों वर्षें पैदास करून बनविलेला थंड पाण्यांतला मासा. १८ ते २२ अंशांचें पाणी त्यास मानवतें. निऑन, एंजल, फायटर यांना त्याहून ऊन पाणी लागतें. एकाच पेटींत या दोघांना ठेवणें म्हणजे एकास सदैव ताप आणणें, नाहीं तर दुसऱ्यास सदैव कुडकुडत ठेवणें होय. पिंप्राळ्याच्या त्या घरीं गोल्डफिश तोंड उघडीत होता तो भुकेनें नव्हे. तो श्वासासाठीं धडपडत होता.

दुसरा प्रश्न आकाराचा. आणि येथें दुकानांतील आकारावर मुळींच विसंबूं नये. दुकानांत असतात तीं बहुतेक पिलें. तेथें बोटभर दिसणारा ऑस्कर पुढें फूटभर लांब होतो. सकर त्याच्याहि पुढें जातो. गोल्डफिश वीतभर होऊं शकतो. एंजलची उंची पंखांसह वीतभर भरते, आणि निऑन आयुष्यभर दीड इंचाच्या आंतच राहतो. माशांच्या जगांत एक नियम बहुधा चुकत नाहीं: जो तोंडांत मावतो तो आज ना उद्यां पोटांत जातो. एंजल व निऑन या दोघांचें माहेर एकच, ॲमेझॉनचें खोरें. पण माहेर एक असलें म्हणजे सलोखा असतोच असें नाहीं. म्हणून मासा विकत घेतांना ‘हा केवढा आहे’ असें न विचारतां ‘हा केवढा होणार’ असें विचारावें, आणि सर्वांत मोठा होणाऱ्याच्या तोंडावरून सर्वांत लहानाची निवड करावी.

तिसरा प्रश्न स्वभावाचा. कांहीं जाति एकलकोंड्या, कांहीं कळपाच्या. सयामांतून आलेला फायटर नर दुसऱ्या फायटर नरास पाहतांच त्याच्यावर तुटून पडतो. तो पृष्ठभागावरची हवाहि श्वासांत घेऊं शकतो, म्हणून बरणीभर पाण्यांत तो जगतो खरा; पण जगणें आणि सुखानें राहणें या दोन निराळ्या गोष्टी आहेत. त्यास स्वतंत्र, पुरेशी मोठी व झांकण असलेली पेटी द्यावी आणि लांब पंखांचे भडक मासे त्याच्याजवळ आणूं नयेत. गप्पीच्या पिसाऱ्यासहि तो प्रतिस्पर्धी समजतो. टायगर बार्ब हा कळपाचा मासा. सहा-आठ एकत्र असले म्हणजे त्यांची पाठशिवणी आपसांतच चालते. दोघेच असले तर तो जोर ते संथ पोहणाऱ्या लांब पंखांच्या शेजाऱ्यावर काढतात. त्या घरीं फायटरचे पंख कोणीं कुरतडले, हें आतां निराळें सांगावयास नको. म्हणजे एखाद्या जातीची संख्या कमी ठेवल्यानें शांतता वाढतेच असें नव्हे. पुष्कळदां उलट घडतें. कळपाच्या माशास सोबत द्यावयाची असेल तर ती त्याच्याच जातीची, निदान सहांची. आणि सहांसाठीं जागा नसेल, तर ती जातच आणूं नये.

चवथा प्रश्न एकंदर संख्येचा. यांतील धोका डोळ्यांना दिसत नाहीं. माशांच्या कल्ल्यांवाटे व मलांतून, तसेंच न खाल्लेल्या अन्नांतून पाण्यांत अमोनिया तयार होतो, आणि तो विषारी आहे. वाळूंत व गाळणींत वाढणारे सूक्ष्म जंतु त्याचें प्रथम नायट्राइट आणि नंतर पुष्कळ सौम्य असें नायट्रेट करितात. परंतु नव्या पेटींत हे जंतु पुरेसे वाढण्यास चार ते सहा आठवडे लागतात. अमोनियाचा विषारी भाग पाण्याच्या अल्कतेबरोबर वाढतो. आम्ल-अल्क मोजण्याच्या पट्टीवर पाणी ७ वरून ८ वर गेलें, तर तो भाग जवळजवळ दसपट होतो, आणि उष्णतेनें त्यांत आणखी भर पडते. जड, अल्कधर्मी पाणी आणि कडक उन्हाळा हीं दोन्हीं जेथें एकत्र येतात, तेथें गर्दी ही नुसती गैरसोय राहत नाहीं. ती प्राणघातक ठरते. मऊ व थंड पाण्यांत जी चूक मासा सहन करितो, तीच चूक खानदेशांत त्यास मारते.

या चार प्रश्नांचीं उत्तरें घेऊन त्याच घरासाठीं पेटी नव्यानें मांडावयाची असें ठरलें, तर ती अशी मांडतां येईल. ६० सेंटिमीटर लांब, ३० रुंद व ३० उंच अशा पेटींत कांठोकांठ ५४ लिटर पाणी मावतें; वाळू व वरची मोकळी जागा वजा जातां चाळीस-पंचेचाळीस लिटर उरतें. एवढ्या पाण्यांत सहा झेब्रा मासे व तीन प्लॅटी ठेवावे. तळाशीं कांहीं गोगलगायी व व्हॅलिस्नेरियाचीं दोन-चार रोपें लावावीं, आणि तेथें थांबावें.

झेब्रा हा भारतीय मासा आहे. फ्रान्सिस हॅमिल्टन यानें १८२२ सालीं गंगा व तिच्या उपनद्यांतील माशांवरील आपल्या ग्रंथांत त्याचें प्रथम वर्णन केलें, आणि आज जगांतील असंख्य प्रयोगशाळांत त्याच्यावर आनुवंशिकतेचा अभ्यास चालतो. दीड इंचाचा हा चपळ मासा आपल्याकडील ऋतूंचे फेरे सोशीत आलेला आहे. तो वरच्या थरांत धांवतो, प्लॅटी मधल्या थरांत संथपणें वावरतो, आणि तळ गोगलगायी संभाळतात. त्यामुळें कोणी कोणाच्या वाटेंत येत नाहीं. दोघांनाहि एकाच प्रकारचें बारीक खाणें चालतें, आणि एकाच्या तोंडांत दुसरा मावत नाहीं. प्लॅटीऐवजीं पिसाऱ्याचे गप्पी घेण्याचा मोह होईल; पण झेब्रा कधीं कधीं लांब शेंपटीस तोंड लावतो, म्हणून आंखूड पंखांचा प्लॅटीच बरा. एखाद्या घरीं दीडशें लिटरांहून मोठी पेटी असेल, तर भारतीय नद्यांतलाच गुलाबी झांकेचा रोझी बार्ब सहा-आठांच्या कळपानें ठेवतां येईल.

प्लॅटी घ्यावयाचे ते शक्यतों नर घ्यावे. गुदाजवळचा पंख काडीसारखा निमुळता असतो तो नर, पंख्यासारखा पसरट असतो ती मादी. हे मासे अंडीं न घालतां थेट पिलें देतात, आणि मादी नराचें बीज कित्येक महिने शरीरांत सांठवून ठेवते. म्हणून ‘एकटीच मादी आणली’ असें म्हणणाऱ्या घरींहि महिन्याभरानें पिलें दिसूं लागतात. घरांत पिलें झालेलीं मुलांना आवडतात, परंतु त्यांतील बरीचशीं आईबापांच्याच तोंडीं जातात. उरतात त्यांची गर्दी होते, आणि मग त्यांचें काय करावें असा प्रश्न पडतो.

आणि या प्रश्नाचें जें उत्तर सहज सुचतें तें सर्वांत घातक आहे. नकोसे मासे पिशवींत घालून जवळच्या तळ्यांत सोडणें, हें पुष्कळांस दयेचें कृत्य वाटतें. वास्तविक त्यायोगें पेटींतला मात्स्यन्याय साऱ्या तळ्यावर लादला जातो. दक्षिण अमेरिकेंतून शोभेसाठीं आलेला सकर आज महाराष्ट्राच्या जलाशयांत पसरला आहे. उजनी जलाशयांत तो मच्छीमारांच्या जाळ्यांत येतो, कांटेरी पंखांनीं जाळीं फाडतो, आणि त्यास बाजारांत गिऱ्हाईक नाहीं. कोण्या दिवाणखान्यांत न मावलेला मासा कोळ्याच्या पोटावर पाय देतो. म्हणून मेहरूण तलाव असो कीं गिरणेचा डोह असो, पेटींतला मासा तेथें कधींहि सोडूं नये. दुकानदारास परत द्यावा, किंवा ज्याच्याकडे मोठें टांकें आहे अशा परिचितास द्यावा. पिंप्राळ्याच्या घरचे ते गोल्डफिश आणि तो सकर यांची व्यवस्था अशीच लावली पाहिजे.

आतां पेटी केव्हां मांडावी? वैशाखांत खास नव्हे. पिंप्राळ्यास आषाढी एकादशीस विठ्ठलाचा रथ निघतो. त्या सुमारास उन्हाची काहिली ओसरलेली असते. त्या दिवशीं पेटींत वाळू, पाणी, रोपें व गोगलगायी घालाव्या आणि गाळणी सुरू करावी. नळाच्या पाण्यांतील क्लोरिन माशांचे कल्ले जाळतें, म्हणून तें नाहींसें करणाऱ्या औषधाचे थेंब प्रत्येक वेळीं घालावे. रोज चिमूटभर खाणें पाण्यांत टाकावें. तें कुजून जंतूंस अन्न मिळतें. नारळी पौर्णिमेपर्यंत जवळजवळ पांच आठवडे होतात. ज्या घरीं श्रावणांत मासा पानावर येत नाहीं, त्या घरीं तो पेटींत येण्यास हा मुहूर्त उत्तम. पाण्यांत अमोनिया व नायट्राइट उरलें नाहीं अशी दुकानांत मिळणाऱ्या साध्या द्रव्यांनीं खात्री करून घेऊन प्रथम सहा झेब्रा सोडावे. प्लॅटी त्याच वेळीं आणून पंधरा दिवस निराळ्या भांड्यांत ठेवावे, म्हणजे रोग असल्यास तेथेंच उघडकीस येईल. आणि पोळ्याच्या दिवशीं त्यांस पेटींत घ्यावें. दर आठवड्यास पाव भाग पाणी बदलावें. उन्हाळ्यांत आटलेल्या पाण्यावर नुसती भर घालीत राहिल्यास पाणी उडून जातें व क्षार मागें राहतात, हें जड पाणी असणाऱ्यांनीं विशेष लक्षांत ठेवावें. वैशाखांत जाळीचें झांकण ठेवून पाण्याच्या पृष्ठभागावर पंखा धरला, तर बाष्पीभवनानें दोन-तीन अंश उष्णता उतरते. बर्फ मात्र एकदम टाकूं नये.

सहा आणि तीन, एवढेच मासे? मुलें हा प्रश्न विचारणारच, आणि तो रास्त आहे. मुंबईस १९५१ सालीं उघडलेल्या तारापोरवाला मत्स्यालयांत पिढ्यान्‌पिढ्यांच्या मुलांनीं नाना जातींचे मासे पाहिले. परंतु तेथें त्या जातींसाठीं निरनिराळ्या टांक्या होत्या, आणि समुद्राच्या माशास समुद्राचें पाणी होतें. एका पेटीच्या घरास तें वैभव नाहीं, आणि त्याचें वाईट वाटण्याचें कारणहि नाहीं. नऊ मासे निर्भय असले, म्हणजे ते आपापले खरे रंग दाखवितात. भेदरलेला मासा फिका पडून कोपऱ्यांत दडतो. जीं मुलें रंगासाठीं मासे आणतात, त्यांना रंग दिसावा अशी इच्छा असेल, तर माशांचें भय आधीं नाहींसें केलें पाहिजे.

पोळ्याच्या दुसऱ्या दिवशीं त्या घरची धाकटी मुलगी उठल्याबरोबर पेटीपाशीं जाईल व मोजील. सहा आणि तीन. आठ दिवसांनीं पुन्हां मोजील, आणि तेव्हांहि सहा आणि तीनच भरतील. आजीस विचारण्याजोगें तिच्यापाशीं कांहीं उरणार नाहीं.